सांग त्याला

साम शिंगच्या धक्क्यावर आमचा गाळा होता.
पाटीवर अजूनही 'शेक बंधू, जिवंत मासळी'.
अर्धा बाबांचा, अर्धा फूक-सुंग काकांचा,
मधे भिंत नाही. मधे मी.

माझं काम बाटल्या कापायचं.
पाण्याच्या, सोड्याच्या, कुणीकुणी फेकलेल्या.
गळा उडवायचा,
तापल्या खिळ्याने बुडाला सात भोकं पाडायची,
आणि एकेका बाटलीत एकेक लाय-न्यू-हा
शेपटीकडून सरकवायची, हात झटकन मागे.

लाय-न्यू-हा, म्हणजे मुतरी कोळंबी.
पाण्याबाहेर काढली की चिळकांडी मारते, म्हणून.
गिऱ्हाइकं दचकायची, मग हसायची.
तशी ती कोळंबी नव्हेच, खेकडाही नव्हे,
आपल्याच जातीची, पट्टेरी, वीतभराहून लांब,
छातीशी दोन करवती
नमस्कारासारख्या घडी घालून बसलेली.
एका टाकीत दोन सोडा,
सकाळी एकच सापडेल.
म्हणून बाटल्या.

बाबांच्या अंगठ्यावर पांढरा वण होता,
काकांच्या तळहातावरही.
दोन्ही एकाच पहाटेचे, एकाच जाळ्यातले,
होडी आजोबांची होती तेव्हाचे.
मग होडी विकली.
भांडण इंजिनावरून झालं म्हणे, पैशांवरून म्हणे.
आई म्हणायची, एका शब्दावरून.
कुठला, ते तिनेही कधी सांगितलं नाही.

दोघांत विस्तव जात नव्हता.
कढईखालचा मात्र एकच.
"सांग त्याला, बर्फ संपला."
"सांग त्याला, डोळे आहेत मला."
दोन हातांच्या अंतरावर मी निरोप पोचवायचे,
शिव्या गाळून, आवाज जरा मऊ करून.
पगार, रोज एक लिंबाचा थंड चहा.

बाटल्यांतून त्या बघत असायच्या.
देठावरचे डोळे, एक इकडे वळला
तर दुसरा खुशाल तिकडे,
एक बाबांवर, एक काकांवर.
मला वाटायचं, हिला माझं काम जमेल.
शाळेत लेउंग मास्तर म्हणाले,
आपल्याला न दिसणारा उजेड त्यांना दिसतो.
गाळ्यावर येऊन मी शोधला.
लाल टोपीचे दिवे होते, ओली फरशी,
आणि पाण्यात हलणारी दोघांची एकच सावली,
पण ती तर कुणालाही दिसली असती.

शरदात बाबांचा उजवा हात गेला.
म्हणजे होता जागेवर, ऐकत नव्हता.
हिवाळ्यातल्या सर्वांत लांब रात्री
गाळा लवकर बंद केला. सगळे एका टेबलाशी,
वर्षातून त्या एकाच रात्री.
काकूने मोठ्यांतल्या मोठ्या बारा काढल्या,
तेलात सोडल्या तेव्हा पाऊस पडावा तसा आवाज,
वर कुरकुरीत लसणाचा ढीग, मिरची, मीठ, मिरी.
पट्टे जाऊन सगळ्या सोनेरी.

ती खायची म्हणजे हाताला काम.
कडांनी कात्री चालवायची,
शेपटीकडून चॉपस्टिक आत घालायची, उचलायची.
घाई केली की बोट फाटतं, मेल्यावरही.
बाबा डाव्या हाताने धडपडले.
एकदा. मग चॉपस्टिक ठेवून
भाताकडे बघत राहिले.

काका आपली सोलत होते.
कवच एकसंध निघालं, मधे कुठे तुटलं नाही,
आतून पांढरं लांबलचक मांस.
ते त्यांनी उचललं, टेबलावरून नेलं
आणि बाबांच्या वाडग्यात ठेवलं.
"सांग त्याला, गरम आहे तोवर."

मी तोंड उघडलं.
आईने टेबलाखालून माझ्या पायावर पाय दिला.

बाबा खात होते.
बराच वेळ खात होते, एवढं काही ते मोठं नव्हतं.
मग भाताकडेच बघत म्हणाले,
"मीठ जास्त झालंय."
आधी 'सांग त्याला' नव्हतं.

काकांनी मान वर केली नाही.
दुसरी घेतली, कात्री लावली.
बाहेर रिकाम्या बाटल्या वाऱ्याने
एकमेकींवर टकटक आपटत होत्या.

मी माझ्यातला तुकडा चाखला.
मीठ अगदी बेताचं होतं.